जितं ठिकाण

डाव्या तळहातावर फोन, उजवा अंगठा पडद्याच्या जरा वर थांबलेला, चपला काढून शेजारी ठेवलेल्या. मग अंगठा खाली यायचा, पडद्यावरची निळी चकती गरकन फिरायची आणि अक्का हळूच म्हणायची, "रा, रा." तेलुगूत 'रा' म्हणजे ये. चकतीतून वस्तू बाहेर पडल्या की ती चपला घालून पुढच्या ठिकाणाकडे चालू लागायची. नाही पडल्या तर फोन घेऊन सरळ माझ्या दुकानात.

"दादा, ह्ये जितं हाय का मेलंय, बघा की जरा."

भवानी पेठेत माझं मोबाइल दुरुस्तीचं दुकान आहे. अक्का आमच्याच गल्लीतली, तेलुगू घरातली, विड्या वळणारी. तुम्ही सोलापूरचे असाल तर तुम्हीही तिला कुठेतरी पाहिलं असेल. किल्ल्याच्या बागेत, कंबर तलावाच्या काठावर, एखाद्या बंद मिलच्या भिंतीपाशी, भर उन्हात अनवाणी उभी राहून फोनकडे बघणारी साठीची बाई. बाईला फोन लावता येत नसेल असं समजून तुम्ही पुढे गेला असाल. काही लोकांना ती वेडी वाटायची. आमच्या समोरचा किराणावाला तर माझ्याकडे बघून डोक्याजवळ बोट फिरवायचा. वेडी ती नव्हती. असती तर तिला सोपं गेलं असतं, असं मला आता वाटतं.

ती जो खेळ खेळायची तो ठाऊक नसेल तर थोडक्यात सांगतो. फोनमध्ये आपल्याच गावाचा नकाशा दिसतो. आपण चाललो की त्यातला छोटा माणूस चालतो. देवळं, पुतळे, कमानी, बागेतले सिमेंटचे हत्ती, अशा जागांवर निळ्या चकत्या असतात. जवळ जाऊन चकती फिरवली की चेंडू मिळतात, औषधं मिळतात, आणि कधीकधी रिबीन बांधलेलं एक पुडकं मिळतं. हे पुडकं आपण खेळातल्या आपल्या दोस्ताला पाठवू शकतो. ते जिथून घेतलं त्या जागेचा फोटो त्याच्यासोबत जातो. दोस्ताने ते उघडलं की आपला फोन 'टुंग' करून वाजतो. आणि एक उघडल्याशिवाय दुसरं जात नाही. एवढंच लक्षात ठेवा, बाकीचं मलाही धड कळत नाही.

अक्काच्या या खेळातला दोस्त म्हणजे तिचा मुलगा. तो घर सोडून गेला होता.

तो चादरीच्या कारखान्यात मागावर होता. कारखाना बंद पडला तेव्हापासून पोरगा दिवसभर फोन घेऊन गल्लीच्या तोंडाशी असलेल्या दगडी हौदावर बसायचा. पूर्वी टांग्याची घोडी त्या हौदात पाणी प्यायची म्हणतात. खेळाच्या नकाशात त्या हौदावर चकती होती, म्हणून त्याची बैठक तिथे. मी येता-जाता बघायचो. वाईट पोरगा नव्हता. बोलायला कमी, एवढंच.

एके दिवशी अक्का वळलेल्या विड्यांची टोपली घेऊन विडी कारखान्यात टाकायला निघाली. उन्हाचं पोराला म्हणाली, जरा धर. तो म्हणाला, दोन मिनिटं. ती दोन मिनिटं काही संपेनात, तेव्हा ती ओरडली. हे मला तिनेच सांगितलं आणि पुढे इतक्या वेळा सांगितलं की मला तिचा आवाजसुद्धा पाठ झाला.

"म्या म्हणलं, येवडं आवडतंय तर त्यातच जाऊन ऱ्हा की. घराला कशाला येतूस?"

संध्याकाळी तो निघून गेला. फोन बंद. पोलिसात तक्रार झाली, पाहुण्यांकडे विचारून झालं, चादरीच्या कारखान्यातल्या जुन्या जोडीदारांना विचारून झालं. त्याच्या फोटोच्या प्रती माझ्याच दुकानातून निघाल्या आणि एसटी स्टँडच्या खांबांवर लागल्या. पावसाळा आला तसे ते फोटो गळून पडले.

नंतर काही महिन्यांनी अक्का दुकानात आली. लेकीने दिलेला जुना फोन तिने काउंटरवर ठेवला आणि म्हणाली, पोरगा खेळायचा ती गेम यात घालून द्या. मी विचारलं, तुम्हाला काय करायची अक्का गेम? तर शेजारच्या घरात डोकावून येते म्हणावं इतक्या साधेपणाने ती म्हणाली, "मीच म्हणलं न्हाय का त्यातच ऱ्हा म्हणून. मग तितंच असंल की त्यो."

मी थट्टेखोर माणूस आहे, गिऱ्हाइकाला टोमणा मारल्याशिवाय मला चैन पडत नाही. त्या दिवशी मात्र मी गेम घालून दिली.

पोराचा त्या खेळातला नंबर त्याच्या एका मागवाल्या दोस्ताकडे मिळाला. तो टाकून मी अक्काच्या फोनवरून दोस्तीची विनंती पाठवली. मनात म्हटलं, बाईची समजूत तर निघेल. दुसऱ्या दिवशी सकाळी शटर वर केलं तर अक्का पायरीवर बसलेली. विनंती मंजूर झाली होती. पडद्यावर तिच्या नावाशेजारी पोराचं नाव होतं, आणि खाली लिहिलं होतं, दोस्त. इंग्रजीत होतं ते, मी वाचून दाखवलं. ती मला तीनतीनदा वाचायला लावत होती. मग तिने कनवटीची साखरेची पुडी काढून माझ्या हातावर चिमूट ठेवली आणि समोरच्या किराणावाल्यालाही जाऊन दिली.

पोलिसांनाही आम्ही ते दाखवलं. त्यांनी लिहून घेतलं. पण खेळ परदेशातल्या कंपनीचा, आणि भवानी पेठेतल्या एका बाईसाठी त्यांना कोण विचारत बसणार?

पहिलं पुडकं तिने हौदावरच्या चकतीतून काढून पाठवलं. तोवर खराखुरा हौद राहिला नव्हता. रस्ता सिमेंटचा झाला तेव्हा तो फोडून बुजवला होता. पण नकाशात तो जागच्या जागी होता, फोटोत पाण्याने भरलेला, आणि चकती फिरत होती. पुडकं गेलं. दुपारी अक्का माझ्या दुकानात बसून होती, माझं वायफाय तिच्या फोनला जोडून दिलेलं होतं, आणि फोन 'टुंग' वाजला. मी पडदा पाहिला आणि म्हणालो, उघडलं अक्का त्याने.

तिने डोळे मिटून घेतले. ओठ नुसते हलत होते. मग म्हणाली, "उघडलं म्हंजी हाय."

तेव्हापासून तिचा दिवस दोन गोष्टींवर चालू लागला. सकाळी सूप मांडीवर घेऊन विड्या वळायच्या आणि मग पुडकं शोधायला निघायचं. दर वेळी वेगळी जागा पाहिजे असा तिचा हट्ट. तेच ते पाठवलं तर पोराला काय वाटेल? त्याला आपलं गाव दिसलं पाहिजे, दिसता दिसता आठवण झाली पाहिजे, आणि आठवण झाली की त्याने एसटीत बसलं पाहिजे. एवढा सरळ हिशेब होता.

चपला काढायची पद्धत तिने पहिल्यापासून घातली. सिद्धेश्वरांची अडुसष्ट लिंगं सोलापूरभर पसरलेली आहेत, त्यांतली बरीच या नकाशातही आहेत. संक्रांतीला नंदीध्वजांमागून आमचं गाव त्या लिंगांना फिरतं. अक्का म्हणायची, गाव वर्षातनं एकदा फिरतंय, मी रोज फिरते. लिंगापाशी चपला काढायच्या आणि दुसऱ्या चकतीपाशी नाही, हे तिला पटेना. जिथनं पोराला काहीतरी पोचतंय ती जागा साधी कशी? म्हणून ती मिलच्या भिंतीपुढेही अनवाणी उभी राहायची. एका बागेत अस्वलाच्या तोंडाची कचरापेटी आहे, तिच्यावरही चकती आहे. त्या अस्वलापुढे चपला काढून, पदर सावरून उभी राहिलेली अक्का मी स्वतः पाहिली आहे. मी म्हटलं, अक्का, ही कचऱ्याची पेटी आहे. ती म्हणाली, आसू द्या, देतंय न्हवं.

या खेळात रस्त्यात प्राणी येतात, त्यांना चेंडू मारून धरायचं असतं. खरा खेळ तोच. अक्काने एकही धरला नाही. मुक्या जनावराला कोंडून काय करायचं, म्हणायची. तलावाच्या काठावर कॉलेजची पोरं खेळायला जमायची, हे कळल्यावर ती पोरं चक्रावली. पण तिच्या अंगठ्याची त्यांना भुरळ पडली होती. जन्मभर विडीची तोंडं मिटून तो अंगठा असा तयार झाला होता की तिने फिरवलेली चकती थांबायचं नाव घ्यायची नाही. पोरं आपले फोन तिच्यापुढे धरून म्हणायची, अक्का, आमचंही फिरवा. ती फिरवून द्यायची, आणि जाताना प्रत्येकाला विचारायची की माझ्या पोराचं नाव कुठं दिसतंय का.

मलाही तिने खेळात ओढलं. माझ्या फोनमध्ये गेम घालायला लावली, मला दोस्त केलं आणि रोज एक पुडकं मलाही पाठवू लागली. माझ्याबद्दल माया म्हणून नव्हे, तपासणी म्हणून. "तुमाला गेलं म्हंजी ठिकाण जितं हाय. मग त्याला धाडते." सकाळी चहाबरोबर मी तिचं पुडकं उघडायचो. सोलापुरात जन्म काढूनही न पाहिलेल्या किती जागा मी अशा बघितल्या. कुठला तरी बुरूज, कुठल्या तरी तालमीचा मारुती, कुणाच्या तरी नावाची पाणपोई. बायको म्हणायची, या वयात हे काय पोरखेळ. मी म्हणायचो, गिऱ्हाईक आहे, सांभाळावं लागतं.

पण ठिकाणं मरत होती. हे सांगायला बरं वाटत नाही, पण आमचं गावच तसं आहे. रंगवलेली एखादी भिंत रुंदीकरणात जायची आणि काही दिवसांनी नकाशातूनही पुसली जायची. एक बाग दुरुस्तीसाठी म्हणून कुलूपबंद झाली ती उघडलीच नाही, आतली चकती बाहेरून दिसायची पण हाताला लागायची नाही. काही ठिकाणी रेंज गेली. काही जागा डोळ्यापुढे धडधाकट असून नकाशात मेलेल्या, त्या का मेल्या हे कुणालाच ठाऊक नाही. अक्का एकेका ठिकाणाची बातमी आणायची, आणि सुतक असल्यासारखा चेहरा करून बसायची. "आज ते बी गेलं, दादा."

तरी फोन वाजत होता. रोज नाही, पण दोन-चार दिवसांनी 'टुंग'. पुडकं उघडलं जात होतं.

मग एका सकाळी उलटंच झालं. पोराकडून तिला पुडकं आलं.

ती पळत आली. साठी उलटलेली बाई गल्लीतून पळत येताना बघून किराणावाला दुकानातून बाहेर आला. मी पुडकं उघडून दिलं. फोटोत एक कमान होती, पिवळी, वर घड्याळ. खाली गावाचं नाव होतं, मंगळवेढा. अक्काला वाचून दाखवायची गरज पडली नाही. तिची लेक मंगळवेढ्यात दिलेली होती आणि ती कमान लेकीच्या घरासमोरची होती.

"भनीच्या दारापत्तोर आला," ती म्हणाली, "आन् आत न्हाय गेला. लाजला आसंल."

त्याच दिवशी ती एसटीने मंगळवेढ्याला गेली. लेकीकडे राहिली. लेकीला, जावयाला, शेजाऱ्यांना विचारलं, कुणी पाहिलं नव्हतं. मग ती रोज सकाळी त्या कमानीखाली जाऊन उभी राहू लागली, ऊन डोक्यावर येऊन उतरेपर्यंत. आला तर इथेच येईल, पुन्हा पुडकं घ्यायला. लेक हात धरून आत न्यायची, ती पुन्हा बाहेर जायची. चक्कर येऊन पडली तेव्हा जावयाने तिला जीपमध्ये घालून सोलापूरला आणून सोडलं. चेहऱ्याची कातडी सोलली होती. मला म्हणाली, चुकामूक झाली.

आणि तिथून पुढे पुडकी उघडायची बंद झाली.

आल्या आल्या तिने हौदावरचंच एक पाठवलं होतं. ते तसंच राहिलं. आठवडा गेला, महिना गेला. ती दुसरं पाठवायला जायची तर पडदा नाही म्हणायचा. आता इथे तुम्ही-आम्ही काय समजलो असतो? समोरच्याने आधीचं उघडलेलं नाही, इतकंच. अक्का तसं समजली नाही. तिने जन्मभर विडी कारखान्यात माल टाकला होता. तिथे खिडकीपाशी तपासणारा बसतो, विड्या हातात घेऊन दाबून बघतो, ढिल्या, कच्च्या निघाल्या की छाट म्हणून बाजूला टाकतो. माल घेतला नाही तर दोष खिडकीचा नसतो, वळणाऱ्या बाईचा असतो. चाळीसेक वर्षं तिने हेच ऐकलं होतं.

"छाट काढली दादा त्यानं. हौदाचं आवडलं न्हाय त्याला."

मी तिला स्वच्छ सांगितलं. अक्का, मालाचा काही संबंध नाही. तुमचं आधीचं पुडकं त्याने अजून उघडलेलं नाही, म्हणून पुढचं जात नाही. बघा, मला जातंय की. तिने ऐकून घेतलं. मग म्हणाली, "तुमाला चालतंय, त्याला न्हाय चालत. त्यो लहानपनापासनं तसाच. भाकरीचा नुसता पापुद्रा खायचा, खालचं माझ्या ताटात."

आणि ती हसली. ते हसणं मला सहन झालं नाही, मी उगीचच एका फोनचं मागचं झाकण उघडत बसलो.

पाठवलेलं परत घेता येतंय का, हे तिने विचारलं. येत नव्हतं. मग चांगलं पुडकं शोधून ठेवायचं तिने ठरवलं. पिशवीत पुडकी ठेवायला जागा मोजकीच असते. ती सकाळी पिशवी उघडून बसायची, पुडक्यांचे फोटो एकेक करून बघायची, त्यातलं ढिलं वाटेल ते टाकून द्यायची आणि त्याच्या जागी बरं आणायला निघायची. बरं म्हणजे काय, हे तिचं तिलाच ठाऊक. गावातली जिती ठिकाणं तिची फिरून झाली होती. मग ती गावाबाहेर जाऊ लागली. एसटीत बसायची, खिडकीतून फोन धरायची, नकाशात निळं काही दिसलं की उतरायची. विड्या वळणं सुटत चाललं. कारखान्यातल्या बायका मला येऊन सांगायच्या, तुमचं ऐकते, तुम्ही समजवा. ती माझं कुठे ऐकत होती? मी एकदा रागावून म्हणालो, अक्का, तो उघडणार नाही आता. ती शांतपणे म्हणाली, "चांगलं न्हाय घावलं अजून."

मे महिन्यात ती मोडनिंबला गेली होती. हायवेच्या कडेला एका देवळापुढे नवी चकती आल्याचं तलावावरच्या पोरांनी तिला सांगितलं होतं. देवळापुढे चपला काढल्या, पायाखाली तापलेली फरशी. चकती फिरली की नाही, मला माहीत नाही. त्या दिवशी मला पुडकं आलं नाही. देवळाशेजारच्या चहावाल्याने तिला सावलीत ओढलं, पाणी मारलं, तिच्या फोनमध्ये शेवटचा नंबर माझा होता म्हणून मला फोन केला. आम्ही गाडी करून तिला आणलं. नंतर ती पाच-सहा दिवस होती. डोळे उघडायची, उजवा अंगठा चादरीवर हळू फिरवायची, आणि पुन्हा डोळे मिटायची. अक्का गेली तेव्हा मी दुकानात होतो.

गल्लीने सगळं नीट केलं. मुलगा नव्हता, पाणी जावयाने दिलं.

तेराव्यानंतर काही दिवसांनी लेक दुकानात आली. आईसारखाच चेहरा, फक्त पदर सारखा ओढत होती. तिने पिशवीतून आईचा फोन काढून काउंटरवर ठेवला. मला वाटलं, साफ करून हवा असेल, कुणा पोराला द्यायला. मग तिने दुसरा फोन काढला. काळा, काचेला कोपऱ्यात तडा गेलेला. तो फोन मी ओळखला. तडा गेला तेव्हा नवी काच टाक म्हणून मीच त्या पोराला सांगितलं होतं, आणि तो म्हणाला होता, चालतंय की.

ती खाली बघून बोलली.

घर सोडलं त्या रात्रीपुरता तो बहिणीकडे आला होता. सकाळी निघाला तेव्हा सिम काढून मोडून टाकलं आणि फोन तिच्या हातात दिला. आठ दिवसांत येतो, कुणाला सांगू नको म्हणाला. तिने विचारलं होतं, फोन का ठेवतोस. तर म्हणाला, "आई म्हणली त्यातच ऱ्हा. न्हाय ऱ्हायचं मला त्यात." तो आला नाही. सांगायचं आज-उद्या करत राहून गेलं, मग सांगायची भीती वाटू लागली. पण फोन ती चार्ज करून, घरच्या वायफायला जोडून ठेवायची, उद्या आला तर हातात चालू फोन पडावा म्हणून. आणि एके दिवशी त्या फोनवर आईची विनंती आली.

"आईचं नाव दिसलं काका. मी दाबलं. दुसरं काय करनार?"

पुडकी तीच उघडत होती. घरकामातून सवड मिळेल तेव्हा. आईचा फोन वाजतो हे आईनेच तिला हरखून सांगितलं होतं. मग तिला वाटलं, आपण नुसतं घेतच राहिलो, आईला एखादं द्यावं. घरासमोरच्या कमानीची चकती अंगणातून फिरवता यायची. तिने एक पाठवलं. त्यानंतर आई येऊन त्या कमानीखाली उभी राहिली.

"घरातनं दिसायची मला. उन्हात. आन् फोन मी ज्वारीच्या डब्यात घालून ठेवलेला. ती त्याच डब्याला टेकून झोपायची." तिने पदर पुन्हा ओढला. "म्हणून बंद केलं. उघडलं न्हाय म्हंजी नाद सोडंल, असं वाटलं मला."

मला तिला काहीतरी बोलावंसं वाटत होतं. तिच्या जागी मीही तेच केलं असतं, असं म्हणावंसं वाटत होतं, आणि ते खरंही आहे. मी नुसता स्टूल पुढे सरकवला. ती बसली नाही.

तो कुठे आहे, आहे की नाही, हे तिला ठाऊक नव्हतं. कुणालाच नाही. अक्काने ज्या एका जागी त्याला शोधलं, तिथे तो पहिल्या दिवसापासून नव्हता.

तिने काळा फोन सुरू केला. माझ्या वायफायवर तो जोडायला मला दोनदा परवलीचा शब्द सांगावा लागला. नकाशा उघडला. त्यात एक पुडकं होतं, रिबीन बांधलेलं, खाली अक्काचं नाव.

"उघडू का?" तिने विचारलं.

मी मान हलवली, हो म्हणून की नाही म्हणून ते मलाही नीट सांगता येणार नाही. तिने अंगठ्याने दाबलं. हौद समोर आला, काठोकाठ भरलेला, त्याच्या कडेवर ऊन. काउंटरवर ठेवलेल्या आईच्या फोनचा पडदा उजळला आणि तो वाजला, 'टुंग'.

समोरच्या दुकानातून किराणावाल्याने सवयीने मान वर केली. लेकीने हात पुढे केला आणि तो फोन पालथा घालून ठेवला.